15 रुपयांचा डिजिटल सातबारा कोर्टात घेऊन गेलो, त्याचा रिव्ह्यू

आधी रेटिंग देऊन टाकतो म्हणजे ज्यांना घाई आहे ते पुढं जातील. सोय म्हणून 5 पैकी 5. जमीन आपली आहे हे दिवाणी कोर्टात सिद्ध करायला म्हणून 5 पैकी 2, आणि ते 2 पण नशीब म्हणायचं. आता हे दोन आकडे एकाच कागदाला कसे काय, तर त्याच्यासाठी पूर्ण वाचा, कारण आमची यात दोन वर्षं गेलीत.

प्रॉडक्ट कसं आहे ते सगळ्यांना माहिती असेल तरी सांगतो. महाभूलेखच्या साइटवर सातबारा फुकट बघता येतो पण तो नुसता बघायला, कायदेशीर कामाला चालत नाही असं त्याच्यावरच लिहिलेलं असतं. डिजिटल सही असलेला पाहिजे तर वेगळ्या पोर्टलवर लॉगिन करून 15 रुपये भरायचे, पीडीएफ येते, तलाठ्याच्या सही शिक्क्याची गरज नाही. खाली नंबर असतो तो टाकून समोरचा माणूस कागद खरा की खोटा ते तपासू शकतो. आठ अ (खातेदाराच्या नावावरच्या सगळ्या जमिनीचा उतारा) आणि फेरफार (सातबाऱ्यावर नाव किंवा हक्क बदलल्याची नोंद) पण असेच मिळतात. पूर्वी एका सातबाऱ्यासाठी तलाठी भाऊसाहेब कुठल्या गावात बसलेत ते शोधत फिरायला लागायचं, ते आठवलं की हे 15 रुपये देताना अजिबात वाईट वाटत नाही. मी तर रात्री साडेअकराला अंथरुणात पडून काढलेला आहे. सोयीचे 5 स्टार त्याचेच.

आता भांडण. गावाकडं आमची 2 एकर 11 गुंठे जमीन, आजोबांनी 1968 ला विकत घेतलेली. तिच्या कडेला ओढ्यालगत एक पट्टी आहे, बाभळी आणि दगड, कधी कोणी नांगर घातला नाही. शेजारून डांबरी रस्ता झाला आणि अचानक त्या पट्टीवर सगळ्यांचं प्रेम उतू जायला लागलं. शेजारच्या शेतवाल्याने (ज्याच्या आजोबांकडून आम्ही घेतली त्याचाच नातू) एका रविवारी सिमेंटचे पोल रोवून तार मारून टाकली. विचारायला गेलो तर म्हणतो, तुम्हाला विकली ती वरची जमीन, ओढ्याची पट्टी आमच्या आजोबांनी ठेवली होती.

इथं आमची पहिली चूक. कोणी तुमचा ताबा असा जबरदस्तीने घेतला तर विशिष्ट अनुतोष अधिनियम 1963 च्या कलम 6 खाली 6 महिन्यांच्या आत दावा टाकून ताबा परत मागता येतो, आणि त्यात मालकी कोणाची हा प्रश्नच येत नाही, ताबा तुमचा होता आणि बेकायदा काढला एवढंच दाखवायचं. हे आम्हाला कोणी सांगितलंच नाही. पहिल्या वकिलांनी आधी तहसीलला अर्ज द्यायला लावला, तिथून सर्कलकडं (मंडळ अधिकारी), सर्कलकडून परत तहसीलला, त्यात 8 महिने गेले आणि शेवटी उत्तर काय तर मालकीचा वाद आहे दिवाणी कोर्टात जा. बरोबरच आहे म्हणा, महसूलवाले मालकी ठरवत नाहीत, पण हे पहिल्या दिवशी कळलं असतं तर.

मग दावा टाकला. मी आणि आण्णा (वडील) एकदम निवांत, कारण सातबाऱ्यावर आण्णांचं नाव आहे, पट्टीवाल्याचं नाव आमच्या गटात (जमिनीच्या नंबरात) कुठंच नाही, अजून काय पाहिजे. 15 रुपये भरले, सातबारा काढला, आठ अ काढला, वकिलांना दिला. ताकीद अर्जावर (दावा चालू आहे तोवर समोरच्याला अडवा असं मागणारा अर्ज) म्हणजे निशाणी 5 वर युक्तिवाद होता त्या दिवशी मी मागच्या बाकावर बसलो होतो. समोरच्या वकिलाने आमचाच सातबारा हातात धरला, कोर्टाकडं केला आणि म्हणाला साहेब यात ओढा कुठं लिहिलाय तेवढं वादींनी दाखवावं. आमचे वकील कागद खालीवर बघायला लागले. मी माझ्या मोबाईलमध्ये पीडीएफ उघडून झूम करून बघायला लागलो. नाहीच हो! सातबाऱ्यावर चतुःसीमा नसतातच. जमीन किती ते लिहिलेलं असतं, कुठून कुठपर्यंत ते नसतं. इतकी वर्षं तो कागद देव्हाऱ्यात ठेवल्यासारखा जपला आणि ही एवढी साधी गोष्ट कधी डोक्यात आली नाही.

वरून त्याने क्षेत्राचा मुद्दा काढला. सातबाऱ्यावर लागवडीयोग्य 0.88 हेक्टर (म्हणजे 88 आर) आणि पोटखराब 0.04 असं लिहिलंय. तो म्हणे यांची जमीन 88 आर, उरलेली 4 आर म्हणजेच आमची पट्टी. आता पोटखराब म्हणजे तुमच्याच जमिनीतला लागवड न होणारा भाग, दुसऱ्याचा नाही. आणि हिशेब बघा, एकरात 40 गुंठे, एक एकर म्हणजे 40.47 आर, तर आमचे 91 गुंठे म्हणजे 92 आर. 88 आणि 4 मिळून 92, बरोबर बसतंय. पण हे 91 गुंठे कुठं लिहिलेत? खरेदीखतात. आणि खरेदीखत कुठंय? कोर्टाने पण नेमकं तेच विचारलं, खरेदीखत आहे का. आमचे वकील म्हणाले शोधतोय साहेब. कोर्टाने तूर्तास जैसे थे ठेवा म्हणून आदेश दिला, म्हणजे तार आहे तशी राहिली आणि आम्ही बाहेर.

त्या संध्याकाळी मी वकील बदलले. नवीन वकील वयाने मोठे, फार बोलत नाहीत, त्यांनी फाइल चाळली आणि पहिलं वाक्य म्हणजे "सातबारा हा मालकीचा कागद नाही, तो सरकारचा शेतसाऱ्याचा हिशेब आहे." मला रागच आला खरं सांगायचं तर. पण नंतर त्यांनी नीट समजावलं. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम 1966 च्या कलम 157 प्रमाणे सातबाऱ्यावरची नोंद खरी आहे असं कोर्ट गृहीत धरतं, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. आणि फेरफार नोंदीने मालकी मिळत नाही, ती फक्त महसुलासाठी असते हे सुप्रीम कोर्टाने वारंवार सांगितलंय, 2021 च्या जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश सरकार या निकालात पण. म्हणजे नाव असणं चांगलंच, नसण्यापेक्षा बरं, पण समोरचा खरेदीखत घेऊन आला तर सातबारा मागं पडतो. मालकी येते ती खरेदीखत, बक्षीसपत्र, वाटप, वारसा, मृत्युपत्र असल्या गोष्टीतून. 100 रुपये किंवा त्याहून जास्त किमतीची जमीन विकायची तर नोंदणीकृत दस्तच लागतो, मालमत्ता हस्तांतरण कायदा 1882 पासून हेच आहे. स्टॅम्पवर लिहून, पंचांच्या सह्या घेऊन, नोंदणी न करता घेतलेली जमीन असेल तर आत्ताच वकिलाकडं जा, हा रिव्ह्यू नंतर वाचा.

अजून एक त्यांनी सांगितलेलं माझ्या डोक्यात पक्कं बसलंय. दावा तुम्ही टाकलाय ना, मग तुम्हाला तुमच्या कागदाच्या जोरावर जिंकायचंय, समोरच्याचा कागद फाटका आहे म्हणून तुम्ही मालक होत नाही (2014 च्या वासवी सोसायटीच्या निकालात सुप्रीम कोर्टाने हे स्पष्ट म्हटलंय). आम्ही सगळा वेळ त्याच्याकडं काही कागद नाही याच्यावरच खुश होतो. आणि आमचा दावाच अर्धवट होता. पहिल्या वकिलांनी नुसती मनाई (समोरच्याला कोर्टाने अडवावं एवढंच) मागितली होती. मालकीवरच वाद आहे आणि ताबा पण गेलाय तर नुसती मनाई पुरत नाही, मालकीचा ठराव (मालक आम्हीच असं कोर्टाने जाहीर करणं) आणि ताबा दोन्ही मागावे लागतात, 2008 चा अनाथुला सुधाकर निकाल यावरच आहे. मग दावा दुरुस्तीचा अर्ज, त्याला समोरच्याची हरकत, त्यात चार तारखा.

आता तुम्ही म्हणाल मग सातबाऱ्याला 2 स्टार तरी कशाला. तर गंमत इथंच आहे. वकिलांनी तोच 15 रुपयांचा कागद घेतला, आण्णांच्या नावापुढं कंसात जो बारीक नंबर असतो ना, फेरफार नंबर, त्याच्यावर पेन टेकवलं आणि म्हणाले, मालकी इथं आहे, इथून मागं जायचं. तो नंबर म्हणजे हे नाव कुठल्या नोंदीने लागलं त्याचा पत्ता. आम्ही आयुष्यभर नाव बघितलं, नंबर कधी बघितलाच नाही!

आण्णांच्या नावाचा फेरफार निघाला वारसाचा, आजोबा वारले तेव्हाचा. मग आजोबांच्या नावाचा फेरफार. जुने फेरफार आता स्कॅन करून 'आपले अभिलेख' या सरकारी साइटवर टाकलेत, आमचा तिथं सापडला, शाईच्या अक्षरात, कडा फाटलेल्या. त्यात लिहून देणाऱ्याचं नाव, लिहून घेणाऱ्याचं नाव, रक्कम, आणि खाली रजिस्टर दस्ताचा नंबर आणि तारीख. ती तारीख वाचली तेव्हा मी खुर्चीतून उठलो होतो. घरातलं मूळ खरेदीखत पेटीत वाळवीने खाल्लेलं, आण्णांना एवढंच आठवत होतं की निळ्या कपड्यात गुंडाळलेलं होतं. पण दस्त नोंदलेला असला की त्याची प्रत दुय्यम निबंधकाच्या (जिथं दस्त नोंदतात त्या ऑफिसच्या) दप्तरात राहते, आणि नंबर व वर्ष हातात असलं की प्रमाणित नक्कल मागता येते. नंबर नसेल तर इंडेक्स चाळत बसायला लागतं, नावाने नाहीतर मिळकतीने, ती वेगळीच शिक्षा.

नक्कल काढायला एका कार्यालयात 5 हेलपाटे झाले. पहिल्यांदा सांगितलं एवढं जुनं दप्तर इथं नाही, मग सांगितलं आहे पण माळ्यावर आहे, मग माळ्यावर चढणारा माणूस रजेवर. असो. शेवटी मिळाली. मी घरी आणली, आण्णांनी चष्मा पुसून घेतला आणि मोठ्याने वाचायला लागले, पूर्वेस अमुकाची जमीन, दक्षिणेस बांध, आणि मग थांबले. परत वाचलं. "पश्चिमेस ओढा."

पश्चिमेला त्यांची राखलेली पट्टी नाही, त्यांची जमीन नाही, सरळ ओढा! म्हणजे विकणाऱ्याने ओढ्यापर्यंत सगळं विकलंय. आणि वकिलांनी सांगितलं की क्षेत्र आणि चतुःसीमा यात तफावत आली तर कोर्ट साधारण चतुःसीमेला जास्त वजन देतं. आमच्यात तर तफावत पण नाही.

पण लगेच पेढे वाटू नका. दस्तात सर्व्हे नंबर आहे, आजच्या सातबाऱ्यावर गट नंबर. मधे एकत्रीकरण योजना (विखुरलेले तुकडे एकत्र करण्याची) झाली त्यात सर्व्हे नंबर जाऊन गट आले, आणि समोरचा वकील म्हणणारच की या दस्तातली जमीन हीच कशावरून. त्यामुळं जुना सर्व्हे नंबर कुठल्या गटात गेला हे दाखवणारा एकत्रीकरणाचा उतारा भूमी अभिलेखमधून काढावा लागला. ज्यांच्या गावात एकत्रीकरण झालंय त्यांनी हा कागद आधीच काढून ठेवा, साखळीतली ही एक कडी नसली तर 1968 आणि आजचा दिवस एकमेकांना ओळखतच नाहीत. आमच्या गावात काहींचे हिस्से तेव्हा चुकीच्या गटात गेलेत आणि ती भांडणं अजून चालू आहेत, त्यामानाने आमचं बरं.

मोजणी पण केली. भूकरमापक (सरकारी मोजणीवाला) रोव्हर म्हणजे सॅटेलाइटवरून मोजायचं यंत्र घेऊन आला, शेजाऱ्यांना नोटिसा गेल्या, पट्टी आमच्याच गटात निघाली, पट्टीवाल्याने सही केली नाही. नकाशाची क प्रत मिळाली. लोकांना वाटतं मोजणी झाली की झालं, पण मोजणी रेकॉर्डप्रमाणे हद्द दाखवते, त्या हद्दीतली जमीन कोणाच्या मालकीची ते ती सांगत नाही. खरेदीखताच्या बाजूला ठेवली की मात्र दोघं मिळून बोलायला लागतात.

ताब्याच्या पुराव्यात नमुना 12 म्हणजे पीकपाहणीचा आम्हाला काही उपयोग नाही, पोटखराबावर पीक कोण लावणार. तुमची जमीन कसती असेल तर मात्र जुन्या वर्षांचे हस्तलिखित सातबारे काढा, वर्षानुवर्षं पीक कोणाच्या नावाने लागलंय ते त्यात दिसतं. डिजिटलवाला फक्त आजचा फोटो आहे, कालचं भांडण त्यात दिसत नाही, आणि जमिनीचं भांडण कायम कालचंच असतं. आम्हाला जुन्या सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' या रकान्यात वेगळंच घबाड सापडलं, आजोबांनी विहिरीसाठी सोसायटीचं कर्ज काढलं होतं त्याचा बोजा. आणि विहीर ओढ्याच्या काठाला, त्याच पट्टीत! बुजलीय आता, पण दगडी कठडा आहे. कर्जाचा बोजा बघून आनंदाने उडी मारणारं आमच्या खानदानात मी पहिलाच.

समोरच्याची कैफियत (दाव्याला दिलेलं लेखी उत्तर) वाचून तर हसावं का रडावं कळेना. एका परिच्छेदात लिहिलंय की पट्टी विकलीच नव्हती, ती आमच्या मालकीची. पुढच्या परिच्छेदात लिहिलंय की 40 वर्षांपासून आमचा प्रतिकूल ताबा आहे म्हणून मालकी आमची झाली. आमचे वकील म्हणाले प्रतिकूल ताबा म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीवर, मालक दुसरा आहे हे धरून, उघडपणे 12 वर्षं बसणं. मालक मीच आणि मालकाच्या विरोधात ताबा पण माझाच, हे दोन्ही एकत्र चालत नाही. तरी सगळे तसंच लिहितात म्हणे, एक नाही तर दुसरं लागेल म्हणून.

आण्णांचा उलटतपास झाला तेव्हा खरी परीक्षा होती. मूळ दस्त वाळवीने गेला म्हणून नक्कल दाखल केलीय, तर मूळ का नाही हे साक्षीत सांगावंच लागतं, त्याशिवाय नक्कल वाचत नाहीत. समोरच्याने तिथंच धरलं. मूळ दस्त कधी बघितला शेवटचा, वाळवी लागली तर तुकडे कुठंयत, पोलिसात तक्रार दिली का. आण्णा 71 वर्षांचे, मला वाटलं गडबडणार. ते म्हणाले "वाळवीची तक्रार पोलिसात घेत्यात का साहेब?" कोर्टात लोक हसले, जजसाहेबांनी खाली बघून लिहून घेतलं. मग सातबाऱ्याबद्दल विचारलं की यावर तुमचं नाव आहे म्हणून तुम्ही मालक म्हणता ना. वर्षभरापूर्वी विचारलं असतं तर आण्णा हो म्हणाले असते आणि संपलं असतं. या वेळी म्हणाले, नाही, वडिलांनी विकत घेतली म्हणून, सातबाऱ्यावर ते नंतर लागलं.

एक सावधगिरीचं सांगतो. वाद चालू असताना समोरचा गुपचूप कोणाच्या तरी नावाने दस्त करून फेरफार टाकू शकतो. फेरफाराची नोटीस निघाली की हरकत घ्यायला 15 दिवस असतात, आणि नोटीस आपल्यापर्यंत पोचेलच असं नाही. प्रलंबित फेरफार 'आपली चावडी' या सरकारी साइटवर ऑनलाइन दिसतात, मी दर सोमवारी सकाळी चहा पिताना आमचा आणि त्याचा दोन्ही गट बघतो. दर दोन महिन्यांनी 15 रुपये भरून नवीन सातबारा पण काढतो, आणि आता पहिल्यांदा नाव बघत नाही, नंबर बघतो, नवीन काही चढलाय का.

कोणी विचारेल की मग डिजिटल सातबारा घ्यावा का? घ्या ना, 15 रुपयांत एवढा चांगला पत्ता सांगणारा दुसरा कोणी नाही. फक्त पत्त्यालाच घर समजू नका, आम्ही समजलो होतो.

दावा अजून चालू आहे. आमच्या बाजूचा पुरावा देऊन झाला, आता प्रतिवादीचा सरतपास (त्याची स्वतःची लेखी साक्ष) दाखल झालाय आणि पुढच्या महिन्यात त्याचा उलटतपास आहे. वकील प्रश्न आधी सांगत नाहीत, पण परवा फाइलवर पेन्सिलने लिहिलेला पहिला प्रश्न मी चोरून वाचलाय: तुमच्या आजोबांनी 1968 ला विकली त्या जमिनीच्या पश्चिमेला काय होतं?